फक्की

मागच्या साली आमचा संघ शेवटून पहिला.
छातीवर सळयांच्या मिलचं नाव, पाठीवर आकडे,
आणि ज्याच्यापायी जालन्यात तिकिटं खपायची
तो चढाईवाला पुण्याच्या संघानं उचलला.
बोली लागली तेव्हा मी मॅटची टेप खरवडत होतो.

मग पूर्णा जंक्शनहून रशीद पठाण आले.
रेल्वेत बत्तीस वर्षं, गुडघ्यात स्टीलची वाटी,
गळ्यात शिट्टी, जी वाजलेली कुणी ऐकली नाही.
पहिल्या दिवशी खेळाडू सोडून माझ्याकडं आले.
"फक्की है क्या?"
म्हणलं, सर, आता मॅट असते. निळी-पिवळी.
"मालूम है. फक्की है क्या?"

बारा वर्षांनी पोतं आणलं चुन्याचं.
स्टेडियमच्या मागं, बाभळीपल्याडच्या मातीत
दोरी लावून तेरा बाय दहा आखलं.
हात विसरला नव्हता, कंबर विसरली होती.
तिथं पहाटे पाचला पोरं घसरायची, सोलपटायची,
पगारी खेळाडू, विमा काढलेले,
दुपारी एकमेकांच्या पाठीतले खडे काढत बसायचे.

पहिले पाच सामने हरलो.
नागपुरात तर तीन लोण चढले अंगावर.
घरच्या मैदानावर वरच्या पायरीवरून कुणीतरी ओरडलं,
पठाणसाब, गाडी लेट आहे का?
सर वळले. "चार घंटे लेट," म्हणाले, "पन कॅन्सल नै."

सहाव्याच्या आधी रात्री दोनला सगळ्यांना उठवलं
आणि एमआयडीसीत नेलं.
ज्या मिलचं नाव छातीवर होतं
ती आतून एकानंही पाहिली नव्हती.
लाल सळई दावं तोडलेल्या वासरागत सुटते,
समोर एक बारका पोरगा, बिहारचा असेल,
सांडशीनं तिचं तोंड धरतो, वळवतो,
पुढच्या खाचेत देतो.
ओढाताण नाही.
एक पाय मागं, एक जरासा बाजूला.
डाव्या कोपऱ्यातला आमचा मुंजाजी फड, गंगाखेडचा,
तासभर त्या पोराच्या पायांकडंच बघत राहिला.
सर अवाक्षर बोलले नाहीत.
येताना सगळ्यांना चहा पाजला,
माझ्याकडून एकशे ऐंशी रुपये उसने घेऊन.

सहावा जिंकलो. मुंजाजीच्या सात पकडी.
सातवा एका गुणानं घालवला.
आठवा, नववा, दहावा, मग चौकात पोस्टर लागलं,
मालकाचा फोटो दारभर, खेळाडू टिकलीएवढे.
अकराव्यात जिंतूरच्या केरबाचा खांदा निखळला.
पोरगं कबड्डी कबड्डी करत तसंच सरपटलं,
मध्यरेषेला बोट लावलं
आणि मगच किंचाळलं.

शेवटचा सामना पुण्याशी. एकतीस-एकतीस.
शेवटच्या चढाईला तोच आला, आमचा जुना.
मुंजाजीनं घोटा धरला, मिलमधल्यासारखा,
एक पाय मागं, एक जरासा बाजूला.
दोघंही लांब झाले, लांब होत गेले,
दहा हजार माणसं मुकी.
टीव्हीच्या पंचानं सात वेळा उलटसुलट पाहिलं.
नख पलीकडं होतं.

सातव्या नंबरावर हंगाम संपला.

ती मधली पट्टी सकाळी मीच चिकटवली होती.
एक बोट इकडं का तिकडं,
देवाशपथ, मला सांगता येणार नाही.
रात्री स्टेशनवर सरांना तेवढं बोललो.
सर पिशवीत काहीतरी शोधत होते.
"फक्की असती," म्हणाले, "तो उसके नाखून को लगती."
बस्स. लागली असती का नसती, ते नाही सांगितलं.

पुढच्या साली कोण कोच, मालकानं अजून ठरवलं नाही.
पूर्ण्याची गाडी आली, वेळेवर.
सरांनी माझ्या हातावर पैसे मोजले,
एकशे ऐंशी, त्यात एक फाटकी दहाची नोट.
ती मी चालवायचा दोनदा प्रयत्न केला.
चहावाल्यानं घेतली नाही.